लॉन सतरंजीसारखं उचललं जातंय, खाली पांढऱ्या अळ्या : काय करावं? (नागपूर)

जास्वंद_बेसा | २९ ऑगस्ट, रात्री ९.४०

नमस्कार मंडळी. बेसा रोडला आमचं छोटं घर आहे, समोर साधारण पाचशे चौरस फुटांचं लॉन. दोन पावसाळे छान हिरवंगार राहिलं. या महिन्यात मात्र गेटजवळ आणि कडुनिंबाखाली पिवळे चट्टे पडायला लागले. पाणी कमी पडलं म्हणावं तर पाऊस सुरूच आहे. नर्सरीवाले म्हणतात बुरशी आहे, माळीदादा म्हणतात युरिया टाका. काल मी गवत नुसतं हाताने ओढून पाहिलं तर हातभर तुकडा सतरंजीसारखा उचलून आला. खाली मुळं नाहीतच! मातीत पांढऱ्या, जाडसर, अंगाची कमान करून पडलेल्या अळ्या. डोकं तपकिरी. सकाळी साळुंक्या आणि गायबगळे त्याच जागी चोची खुपसत असतात, आणि परवा रात्री डुकरांनी कुंपणाकडची बाजू उकरून ठेवली.

माझी मुलगी लॉनवर अनवाणी खेळते, मांजरही आहे. त्यामुळे जहाल औषध नको. शेजारचे काका म्हणतात, "कडुनिंबच तोडून टाका, सगळा किडा तिथूनच येतो." झाड घर बांधायच्या आधीपासूनचं आहे. तोडायला मन होत नाही. कुणाला अनुभव असेल तर सांगा.

वावरातला_माणूस | २९ ऑगस्ट, रात्री १०.१५

ताई, हे उन्नी आहे. हुमणी म्हणतात तेच, मातीतल्या भुंगेऱ्याची अळी. आमच्या वावरात दरवर्षी दिसते, सोयाबीनच्या ओळीच्या ओळी सुकवते. झाड उपटलं की सोटमूळ कुरतडलेलं दिसते. लॉनचं मले जास्त माहीत नाही, पण किडा तोच. पोळ्याच्या सुमारास अळी पुरी वाढलेली असते अन् तेव्हाच सगळ्यात जास्त खाते. म्हणून तुम्हाले आत्ता दिसून राहिलं. आली ती जूनमध्येच. अन् कडुनिंब तोडू नका बाप्पा, त्यानं काहीच होत नाही.

कीटकमित्र | ३० ऑगस्ट, सकाळी ७.०५

जास्वंदताई, वर्णनावरून हुमणीच वाटतेय. तरी काहीही विकत आणायच्या आधी एक काम करा. जिथे गवत अर्धं पिवळं आणि अर्धं हिरवं आहे, त्या सीमेवर एक फूट बाय एक फूट चौकोन खुरप्याने तीन बाजूंनी कापा, झाकण उघडावं तसं उलटा आणि खालची चारेक इंच माती वर्तमानपत्रावर घेऊन चाळा. अळ्या मोजा. असं लॉनमध्ये चार-पाच ठिकाणी करा, चांगल्या दिसणाऱ्या भागातही. पूर्ण मेलेल्या चट्ट्यात खोदून उपयोग नसतो, तिथली मुळं संपवून अळ्या पुढे सरकलेल्या असतात.

असं का सांगतोय तर पिवळा चट्टा बुरशीनेही पडतो, वाळवीनेही पडतो, कुत्र्याच्या लघवीनेही पडतो आणि चालून चालून माती दबली तरी पडतो. बुरशी असेल तर ओढल्यावर पातं तुटतं, मूळ जागेवर राहतं. मुळं तुटून अख्खा तुकडा सुटून आला तर खाली खाणारं कुणीतरी आहे.

आता जीवनक्रम. तो कळला की बाकीचं आपोआप उलगडतं. आपल्याकडची मुख्य जात होलोट्रिकिया सेराटा. वर्षात एकच पिढी. वळवाचा किंवा मृगाचा पहिला दणकून पाऊस झाला की जमिनीत दबून बसलेले तपकिरी भुंगेरे संध्याकाळी अंधार पडता पडता बाहेर येतात आणि जवळच्या कडुनिंब, बाभूळ, बोर, शेवगा अशा झाडांवर जातात. तिथेच मीलन होतं, रात्रभर पाला खातात आणि उजाडायच्या आत परत मातीत. मादी ओलसर, भुसभुशीत जागा बघून काही इंच खोल अंडी घालते, एकेक मादी पन्नासच्या वर. दहा-पंधरा दिवसांत अळी बाहेर येते. पहिल्या अवस्थेत ती तांदळाच्या दाण्याएवढी असते आणि कुजलेला पाला, शेणखत असलं खाते. मग दोनदा कात टाकते. तिसऱ्या अवस्थेतली अळी म्हणजे तुम्हाला दिसलेली. ती फक्त जिवंत मुळं खाते आणि भरपूर खाते. ऑक्टोबर-नोव्हेंबरात खोल जाऊन मातीचं घरटं करून कोषात जाते. कोषातून भुंगेरा तयार होतो, पण तो वर येत नाही. हिवाळा आणि आपला तो ४५ अंशांचा उन्हाळा आतच काढतो, पुढच्या पावसाची वाट बघत.

म्हणजे वर्षात दोनच वेळा हा किडा आपल्या हाती लागतो. एक, पहिल्या पावसानंतरच्या संध्याकाळी झाडावर. दुसरी, जुलैत अळी लहान असताना. सप्टेंबरात ती जाड कातडीची आणि दांडगी झालेली असते. तेव्हा कितीही महागाचं औषध ओतलं तरी निम्मं वाया जातं, आणि तोवर गवताची मुळं गेलेली असतात ती वेगळीच.

जुना_बागवान | ३० ऑगस्ट, दुपारी १.३०

एवढं चाळत बसण्यापेक्षा थायमेट टाका. दाणेदार मिळतं. आम्ही वर्षानुवर्षं टाकत आलो, एका पाण्यात साफ.

कीटकमित्र | ३० ऑगस्ट, दुपारी २.१०

बागवानकाका, तुमच्या अनुभवाचा मान राखून सांगतो, हे कृपया कुणाला सुचवू नका. थायमेट म्हणजे फोरेट. केंद्र सरकारच्या २०१८ च्या आदेशाने ते बंद करायचं ठरलं आणि ३१ डिसेंबर २०२० पासून त्याच्या वापरावर बंदी आहे. अतिशय जहाल विष आहे. मातीतून मुळात जातं, दाणे टिपणारे पक्षी मरतात, अळी खाणारे पक्षी मरतात. इथे तर लहान मूल अनवाणी फिरतंय. कुणाच्या घरात जुना डबा पडला असेल तर तो वापरून "संपवू" नका.

उसातल्या हुमणीसाठी फिप्रोनिल आणि इमिडाक्लोप्रिड या रासायनिक कीटकनाशकांचं मिश्रण मंजूर आहे, तेही दुकानदार लॉनसाठी हातात देतात. ती शिफारस उसाच्या शेतासाठी आहे, मूल खेळतं त्या अंगणासाठी नाही. शिवाय लॉनमध्ये फुलणारं तण असेल तर मधमाश्यांनाही त्रास. मी घरच्या बागेत ते वापरत नाही आणि सुचवतही नाही.

जुना_बागवान | ३० ऑगस्ट, संध्याकाळी ६.००

बंदीची तारीख माहीत नव्हती. आमच्या इकडच्या लोकांनाही सांगतो.

नवा_माळी | ३१ ऑगस्ट, रात्री ११.२०

मी एका अमेरिकन व्हिडिओत "मिल्की स्पोर" नावाची पावडर बघितली. एकदा टाकली की कित्येक वर्षं अळ्या होत नाहीत म्हणे. इथे मिळेल का? आणि त्यात असंही सांगितलं होतं की फुटामागे पाच-दहा अळ्या असतील तरच उपाय करा. वावरातले भाऊ म्हणतील एक अळीसुद्धा जास्त. खरं काय?

कीटकमित्र | १ सप्टेंबर, सकाळी ६.५०

मिल्की स्पोर हा एक जिवाणू आहे आणि तो जपानी भुंगेऱ्याच्या अळीसाठीच आहे. तो भुंगेरा अमेरिकेत १९१६ मध्ये न्यू जर्सीत पहिल्यांदा सापडला आणि तिथल्या लॉनची मोठी डोकेदुखी झाला, म्हणून त्यांचं सगळं साहित्य त्याच्याभोवती फिरतं. आपली हुमणी वेगळी जात. तिच्यावर त्या पावडरीचा भरवसा धरता येत नाही. तिकडचं वेळापत्रकही इथे लागू नाही, त्यांचे भुंगेरे ऐन उन्हाळ्यात उडतात आणि दिवसाढवळ्या गुलाब खातात. आपले पावसाबरोबर आणि रात्री.

आकड्यांचं म्हणाल तर दोन्ही आपापल्या जागी बरोबर. आपल्या कृषी विद्यापीठांची पातळी पिकासाठी आहे : चौरस मीटरला एक अळी, किंवा झाडावर सरासरी वीस भुंगेरे दिसले की उपाय करा. सोयाबीनचं एक झाड गेलं म्हणजे गेलंच. लॉनमध्ये मात्र मुळांचं दाट जाळं असतं, हरळीसारखं गवत तर चार-दोन अळ्या सहज सोसतं आणि कुठेही पिवळं पडत नाही. म्हणून फुटामागे एखाद-दुसरी अळी दिसली तर लॉनला नीट पाणी द्या, यंत्राचं पातं उंच ठेवून कापा, आणि सोडून द्या. पाचाच्या वर गेली तर हालचाल करायची.

गच्चीवाली | १ सप्टेंबर, दुपारी ४.४५

माझा प्रश्न जरा वेगळा. त्रिमूर्तीनगरला गच्चीवर कुंड्या आणि कंपोस्टचा ड्रम आहे. ड्रममध्ये अंगठ्याएवढ्या पांढऱ्या अळ्या निघाल्या, दोन कुंड्यांतही आहेत. धागा वाचून घाबरले आणि सगळं फेकायला निघाले होते, पण एक विचित्र गोष्ट दिसली. फरशीवर ठेवली तर अळी पाठीवर उताणी होऊन सरपटत जाते, पाय वर! हीच का ती?

कीटकमित्र | १ सप्टेंबर, संध्याकाळी ७.३०

फेकू नका! फार चांगलं निरीक्षण आहे तुमचं. पाठीवर सरपटणारी अळी फुलभुंगेऱ्याची असते, ती कुजलेलं खाते आणि तिची लेंडी म्हणजे उत्तम खत. ड्रममध्ये तिला राहू द्या. हुमणीची अळी फरशीवर ठेवली तर कुशीवर कमान करून पडून राहते किंवा पायांवर ओढत जाते, उताणी चालत नाही.

कंपोस्टमध्ये तिसरी एक मोठी अळी असते, गेंडा भुंगेऱ्याची. तीही कुजलेलंच खाते. पण तिचा मोठा भुंगेरा नारळ आणि इतर पामच्या शेंड्यात भोक पाडतो. आसपास पाम असतील तर त्या अळ्या वेचून काढलेल्या बऱ्या. ती उताणी चालत नाही आणि आकाराने सगळ्यांत मोठी असते.

कुंडीतल्यांचं सोपं आहे. कुंडी उलटी करून माती पसरा, दिसतील त्या वेचा, झाड पुन्हा लावा. कुंडीत सेंद्रिय माती संपली की कुठलीही अळी कोवळ्या मुळांना तोंड लावू शकते, म्हणून तिथे ठेवू नका. कंपोस्ट कुंडीत घालण्याआधी चाळून घ्यायची सवय लावा.

जास्वंद_बेसा | ३ सप्टेंबर, सकाळी ९.१०

कीटकमित्रदादा, सांगितलंत तसं पाच ठिकाणी उकरून बघितलं. गेटजवळ एका चौकोनात ११, कडुनिंबाखाली ९, मधल्या हिरव्या भागात दोन ठिकाणी एकेक आणि तुळशीजवळ एकही नाही. एकीला फरशीवर ठेवून पाहिलं, कुशीवर पडून राहिली. शेपटीकडचा भाग पारदर्शक आहे, आतली काळी माती दिसते. मुलीने सगळ्या मोजल्या, तिला आता भीती उरलेली नाही.

गेटजवळ आम्ही मे महिन्यात शेणखताची ट्रॉली उतरवली होती, अर्धं कच्चं होतं. त्याचा संबंध असेल का? आणि गेटवरच मोठा एलईडी दिवा आहे, रात्रभर चालू.

वावरातला_माणूस | ३ सप्टेंबर, सकाळी १०.००

संबंध आहेच. कच्चं शेणखत म्हणजे उन्नीले आमंत्रण. लहान अळीचं पोट त्याच्यावरच भरते. खत पुरतं कुजलेलं, हातात घेतलं तर मातीचा वास येणारं पाहिजे. अन् दिव्यावर तर भुंगेरे असे येऊन आदळतात, खाली पडले की तिथेच मातीत घुसतात. तुमच्या गेटाजवळ दोन्ही आहे.

कीटकमित्र | ३ सप्टेंबर, रात्री ८.४०

भाऊंशी पूर्ण सहमत. आता या मोसमात काय करायचं ते सांगतो.

ज्या दोन जागी दाट आहेत तिथलं सुटलेलं गवत गुंडाळून बाजूला करा. माती तीन-चार इंच हलवा आणि सकाळच्या वेळी दोन-तीन तास उघडी ठेवा. साळुंक्या, बगळे आणि कोतवाल निम्मं काम करतात. उरलेल्या हाताने वेचून साबणाच्या पाण्यात. पाचशे फुटांच्या लॉनला हा उपाय कंटाळवाणा असला तरी या महिन्यात सगळ्यात खात्रीचा हाच आहे. मधल्या हिरव्या भागाला हात लावू नका.

नंतर माती सपाट करून चाळलेलं, कुजलेलं खत मिसळा आणि चांगल्या भागातले हरळीचे कोंब बोट-बोट अंतरावर टोचा. सप्टेंबर-ऑक्टोबरात छान धरतं, दिवाळीपर्यंत भरून येईल. जिथे गवत अजून उभं आहे पण मुळं अर्धी खाल्ली आहेत, तिथे पाऊस थांबला की रोज थोडं पाणी द्या. तोकड्या मुळांना खोलचं पाणी पोचत नाही. युरिया आत्ता नको. पाला वाढेल, मुळं नाहीत, गवत आणखी कोलमडेल.

आणि कडुनिंब तोडायचा विषय काढूनच टाका. एक तर महाराष्ट्रात शहरी भागातल्या झाडांसाठी १९७५ चा कायदा आहे, परवानगीशिवाय तोडताच येत नाही. दुसरं, झाड तोडलं तर भुंगेरे शेजारच्या शेवग्यावर जातील आणि अंडी घालायला तुमच्याच ओल्या लॉनवर येतील. झाड आहे म्हणून ते एका जागी गोळा होतात, आपल्याला पकडता येतात.

नवा_माळी | ४ सप्टेंबर, दुपारी १२.२०

निंबोळी पेंड टाकली तर? पण मग वाटतं, जो भुंगेरा कडुनिंबाचाच पाला खातो त्याला निंबोळीने काय होणार?

कीटकमित्र | ४ सप्टेंबर, रात्री ९.००

प्रश्न अगदी योग्य. कडुनिंबातलं किड्यांना मारक द्रव्य, ॲझाडिरॅक्टिन, पाल्यात कमी आणि बियांच्या गरात सगळ्यात जास्त असतं, त्यामुळे पाला पचवणारा किडा आणि निंबोळी यांची गणितं वेगळी. तरीही नुसत्या पेंडीवर हुमणी आटोक्यात आलेली मी पाहिलेली नाही. खत म्हणून चांगली, जरूर टाका. उपाय म्हणून तिच्यावर विसंबू नका.

खरे जैविक उपाय दोन. एक, मेटारायझियम अनिसोप्ली ही बुरशी. अळीच्या कातडीवर तिचे बीजाणू रुजतात, आत शिरतात आणि काही आठवड्यांत अळी मरते. मेलेल्या अळीवर आधी पांढरी आणि मग हिरवी पूड दिसते. दुसरा, उपयोगी सूत्रकृमी, म्हणजे मातीतले अतिसूक्ष्म जंत, हेटेरोऱ्हॅब्डायटिस इंडिका. बंगळुरूच्या राष्ट्रीय कृषी कीटक संसाधन ब्युरोने हुमणीसाठी त्याची भुकटी विकसित केली आहे. हे सूत्रकृमी अळीत शिरून आपल्या पोटातला जिवाणू सोडतात, अळी दोन-तीन दिवसांत मरते आणि विटेसारख्या लाल रंगाची होते. उकरताना अशी लाल अळी दिसली तर ती तिथेच मातीत राहू द्या, तिच्यातून नवे हजारो सूत्रकृमी बाहेर पडतात.

दोन्ही जिवंत आहेत, एवढं डोक्यात ठेवलं की वापर चुकत नाही. ऊन त्यांना मारतं, कोरडी माती मारते. म्हणून संध्याकाळी, ओल्या मातीवर द्या आणि नंतर पुन्हा पाणी. सूत्रकृमी पंपाने देणार असाल तर नोझलची बारीक जाळी काढा. रासायनिक बुरशीनाशक आणि मेटारायझियम एकत्र वापरू नका. मोठ्या अळीवर दोन्हींचा परिणाम कमी, म्हणून मुख्य मात्रा पुढच्या जुलैत. कुठे मिळेल, कोणतं ताजं आहे याची चौकशी महाराजबागेच्या कृषी महाविद्यालयात करा. कीटकशास्त्राची माणसं तिथे असतात, बाटलीत अळी घेऊन गेलं तर जातही ओळखून घेता येईल.

गुलाब_सिव्हिल_लाईन्स | ६ सप्टेंबर, रात्री १०.३०

माझ्या गुलाबाच्या पानांची जून-जुलैत चाळणी होते, दिवसा एकही किडा दिसत नाही. तेही हेच का?

कीटकमित्र | ७ सप्टेंबर, सकाळी ७.१५

बहुतेक त्यांचेच छोटे भाऊबंद, ॲडोरेटस. रात्री नऊच्या सुमारास टॉर्च घेऊन बघा, पानावर बसलेले सापडतील. खाली साबणाच्या पाण्याची पसरट भांडी धरून फांदी झटका.

जास्वंद_बेसा | ११ जून, रात्री ८.५५

धागा वर काढतेय. दिवाळीपर्यंत लॉन खरंच भरून आलं, एक कोपरा सोडून. काल नागपूरला पहिला जोरदार पाऊस झाला आणि आज साडेसातला कडुनिंबाभोवती गुणगुण सुरू झाली! टॉर्च मारला तर फांद्यांच्या टोकाशी तपकिरी भुंगेरे, काही जोडीने. आता लगेच काय करू? गेटचा दिवा बंद केला आहे.

वावरातला_माणूस | ११ जून, रात्री ९.०५

ताई, आत्ताच करा, थांबू नका. झाडाखाली जुनी चादर नाहीतर ताडपत्री अंथरा, लांब बांबूले आकडा बांधून फांद्या हलवा. पटापट पडतात, लगेच उडत नाहीत. गोळा करून साबणाच्या पाण्यात. एकट्यानं होत नाही, काकांनाही बोलवा. तुमच्या झाडावरचे भुंगेरे त्यांच्याही बागेत अंडी घालणार आहेत.

कीटकमित्र | ११ जून, रात्री ९.२०

भाऊंनी सांगितलं तसंच. पाऊस झाल्यावरच्या पहिल्या काही संध्याकाळी सगळ्यात मोलाच्या. मादी अंडी घालायच्या आत सापडली तर पन्नास अळ्या टळल्या.

जोडीला प्रकाश सापळा लावा. लॉनपासून दूर, घमेल्यात साबणाचं पाणी, वर फूटभर उंचीवर बल्ब. सात ते नऊ एवढाच वेळ, नंतर बंद. रात्रभर ठेवला तर पतंग आणि कितीतरी निरुपद्रवी किडे नाहक मरतात. लॉनवरचे बाकीचे दिवे हे दोन आठवडे संध्याकाळी बंदच ठेवा. झाडावर फवारणी नको, पिंगळे आणि वटवाघळं याच भुंगेऱ्यांवर येतात.

जास्वंद_बेसा | १२ जून, सकाळी ८.००

काका स्वतः ताडपत्री घेऊन आले. अर्धी बादली भरली. त्यांनीच विचारायला सांगितलंय : मेटारायझियम आजच टाकायचं का? घरात आणून ठेवलंय.

कीटकमित्र | १२ जून, सकाळी ८.३०

आज नको. आज मातीत अळीच नाही. भुंगेरे दिसायला लागल्यापासून तीन-चार आठवडे जाऊ द्या, म्हणजे जुलैचा पहिला पंधरवडा. पावसाची उघडीप बघून, माती ओली असताना, संध्याकाळी. पाकिटावरच्या प्रमाणात घेऊन चाळलेल्या ओलसर कुजलेल्या खतात मिसळा, दोन-तीन दिवस सावलीत पोत्याखाली झाकून ठेवा आणि मग लॉनवर सारखं पसरून झाडूने मुळांशी उतरवा. गेटजवळ आणि कडुनिंबाखाली थोडं जास्त. तोपर्यंत पाकीट थंड, कोरड्या जागी ठेवा, गच्चीवरच्या खोलीत नको. आणि त्यावरची मुदत आजच बघून घ्या, जुलैच्या आत संपत असेल तर दुकानदाराकडून बदलून आणा.